अमेरिकेत ज्युरीवर बसणाऱ्या मराठी नागरिकांना खुले पत्र: शंका आहे तर ती त्या खोलीतच बोला

सप्रेम नमस्कार, वि. वि.

अमेरिकन नागरिकत्वाच्या परीक्षेच्या २००८च्या आवृत्तीत एक प्रश्न आहे: फक्त नागरिकांवरच असलेली एक जबाबदारी सांगा. मान्य उत्तरांत मतदान आहे आणि ज्युरीवर बसणंही आहे. मतदानाबद्दल आपल्या मंडळांत उत्साहाने बोललं जातं. ज्युरीचं समन्स आलं की मात्र एकच विषय निघतो, सुटायचं कसं. इंग्रजी कळत नाही म्हणा, पोलिसांवर अजिबात विश्वास नाही म्हणा, लगेच घरी पाठवतात, असे सल्ले सर्रास दिले जातात. ज्युरर निवडताना विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं शपथेवर द्यायची असतात. वीस वर्षं इंग्रजीत नोकरी केलेल्या माणसाने तिथे इंग्रजी येत नाही म्हणणं हे शपथेवर खोटं बोलणं आहे. असले सल्ले देणं कृपा करून थांबवा.

(ज्यांच्याकडे अजून ग्रीन कार्ड किंवा एच-वन आहे त्यांनाही समन्स येतं, कारण बऱ्याच राज्यांत नावं ड्रायव्हिंग लायसन्सच्या यादीतूनही घेतात. ते फेकून देऊ नका. सोबतच्या प्रश्नावलीत ‘नागरिक नाही’ या पर्यायावर खूण करून परत पाठवा. चुकूनही नागरिक असल्याचं लिहू नका. पुढे इमिग्रेशनच्या कामात ते फार महागात पडतं.)

हे पत्र पुढच्या टप्प्यासाठी आहे. साक्षीपुरावे संपलेत, दोन्ही वकिलांची भाषणं झालीत, जजने सूचना वाचून दाखवल्यात, आणि बारा माणसं एका टेबलाभोवती बसली आहेत. अकरा जण म्हणताहेत दोषी. तुम्हाला पटत नाहीये, पण नेमकं काय पटत नाही हेही धड सांगता येत नाहीये. अशा वेळी आपल्यातला बहुतेक माणूस गप्प बसेल. चारचौघांत विरोध करू नये, फार ताणू नये, आपल्या एकट्यामुळे सगळ्यांचा खोळंबा होऊ नये, हे आपल्या अंगात मुरलेलं आहे. घरात आणि सोसायटीच्या मीटिंगमध्ये ते ठीक. त्या खोलीत त्या सवयीपायी एखाद्या माणसाच्या आयुष्याची वीस वर्षं जाऊ शकतात.

बहुमत झालं की विषय संपला, ही आपली समजूत जुनी आहे आणि तिला इतिहासही आहे. ज्युरी म्हटलं की मराठी माणसाला नानावटी खटला आठवतो, पण इथे टिळकांचे दोन खटले आठवायला हवेत. १८९७ साली मुंबई हायकोर्टात न्यायमूर्ती स्ट्रेची यांच्यासमोर राजद्रोहाचा खटला चालला. ज्युरीत नऊ जण होते. सहा युरोपीय ज्युरर ‘दोषी’ म्हणाले, तिघे भारतीय ‘निर्दोष’ म्हणाले. त्या वेळच्या कायद्याने नवापैकी सहांचं एकमत आणि त्याला न्यायाधीशांची संमती एवढं पुरे होतं. टिळकांना दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. १९०८ साली न्यायमूर्ती दावर यांच्यासमोर सात युरोपीय आणि दोन पारशी अशी ज्युरी बसली. सात विरुद्ध दोन अशा मतांनी टिळक दोषी ठरले आणि मंडालेला गेले. ज्यांना पटलं नव्हतं, त्यांची मतं मोजली गेली आणि तिथेच संपली. नानावटी खटल्यात १९५९ साली ज्युरीने आठ विरुद्ध एक मतांनी आरोपीला निर्दोष ठरवलं, तेव्हा सत्र न्यायाधीशांनी तो निकाल न मानता प्रकरण हायकोर्टाकडे पाठवलं. तिथे जन्मठेप झाली आणि १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ज्युरीला जागाच उरली नाही. म्हणजे आपल्याला ज्युरी ठाऊक आहे ती बहुमताने चालणारी, आणि जिच्या डोक्यावर न्यायाधीश आहे अशी.

तुम्ही ज्या ज्युरीवर बसणार आहात ती तशी नाही. अमेरिकेत गंभीर फौजदारी गुन्ह्यात दोषी ठरवायला सर्व ज्युररांचं एकमत लागतं. फेडरल, म्हणजे केंद्र सरकारच्या, कोर्टांत हे आधीपासूनच होतं. लुइझियाना आणि ओरेगॉन या दोन राज्यांत दहा विरुद्ध दोन मतांनी माणूस तुरुंगात जाऊ शकत असे. २०२० साली रामोस खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ते घटनाबाह्य ठरवलं. आणि ज्युरीने ‘निर्दोष’ म्हटलं तर कुठल्याही जजला तो निकाल फिरवता येत नाही. १८९७च्या त्या तिघांना मिळून जे करता आलं नाही, ते आज तुम्हाला एकट्याला करता येतं.

संख्या मात्र सगळीकडे बारा नसते. फ्लोरिडात बहुतेक फौजदारी खटल्यांत सहाच ज्युरर बसतात. दिवाणी खटल्यांत नियम वेगळे: कॅलिफोर्नियात बारापैकी नऊ मतं पुरतात, न्यू जर्सीत सहापैकी पाच. तिथे पुराव्याची कसोटीही हलकी असते, कुणाची बाजू अधिक संभवनीय वाटते एवढंच पाहायचं. त्यामुळे खाली जे लिहिलं आहे ते फौजदारी खटल्यापुरतं धरा.

आता शंकेकडे येऊ. सरकारी पक्षाने गुन्हा वाजवी शंकेपलीकडे सिद्ध केला पाहिजे, हे १९७० सालच्या विन्शिप निकालाने घटनेत पक्कं बसवलं. पण ‘वाजवी शंका’ म्हणजे किती, हे प्रत्येक कोर्ट तुम्हाला सारखं सांगणार नाही. न्यू जर्सीत जज सांगतात की पुरावा पाहून दोषाबद्दल तुमची पक्की खात्री झाली पाहिजे. शंका पुराव्यातूनही निर्माण होऊ शकते आणि पुराव्याच्या अभावातूनही. कॅलिफोर्नियातल्या सूचनेचा आशय असा, की आरोप खरा आहे ही तुमची खात्री टिकून राहणारी हवी. शिकागोत बसलात तर कदाचित कुठलीच व्याख्या मिळणार नाही, कारण इलिनॉयमध्ये आणि तिथल्या फेडरल कोर्टांतही व्याख्या न करण्याची पद्धत आहे. ‘म्हणजे नक्की किती टक्के?’ असा प्रश्न आपल्या इंजिनिअर मंडळींना हमखास पडतो. टक्केवारी कुठलाही जज सांगणार नाही, आणि तुम्हीही खोलीत आकडा काढून बसू नका. नव्वद की पंच्याण्णव असा वाद सुरू झाला की पुराव्यावरचं बोलणं थांबतं.

त्यापेक्षा शंका कुठे आहे ते शोधा. प्रत्येक आरोपाचे घटक जजच्या लेखी सूचनांत वेगवेगळे दिलेले असतात, आणि प्रत्येक घटक स्वतंत्रपणे सिद्ध व्हावा लागतो. उदाहरण घ्या: गाडीच्या मागच्या सीटखाली अमली पदार्थांची पिशवी सापडली आणि आरोपी ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर बसलेला प्रवासी होता. विक्रीच्या हेतूने अमली पदार्थ बाळगल्याचा आरोप असेल तर साधारणपणे तीन गोष्टी लागतात: पदार्थ त्याच्या ताब्यात होता, त्याला ते माहीत होतं, आणि विकण्याचा हेतू होता. पिशवी सापडली याबद्दल कुणाचंच दुमत नसतं, म्हणून खोलीतलं सगळं बोलणं पिशवीभोवती फिरतं: तिचं वजन, तिचा फोटो, प्रयोगशाळेचा अहवाल. तुमची शंका मात्र ‘त्याला माहीत होतं का’ इथे अडकलेली असते. ती तुम्ही शब्दांत मांडली नाही, तर पिशवीच्या फोटोसमोर ती निव्वळ हट्टासारखी दिसते. एका कागदावर तीन रेघा मारा. प्रत्येक घटकापुढे तो कशाने सिद्ध होतो ते लिहा: कोणता साक्षीदार, कोणती वस्तू, कोणता कागद. जिथे लिहायला काही सापडत नाही, तिथे तुमची शंका आहे.

कधी असं करताना शंका विरघळूनही जाते. तेही चांगलंच आहे. ओळखपरेड, सीसीटीव्ही, फोनची नोंद हे सगळं एकाखाली एक लिहिलं की आधी निसटलेली एखादी गोष्ट सापडते आणि ‘नाही, हे सिद्ध झालंय’ असं मनापासून वाटू लागतं. तसं झालं तर मत बदलायला अजिबात संकोच करू नका. जजच्या सूचनांत दोन्ही गोष्टी असतात: आपलं चुकतंय असं पटलं तर मत बदला, आणि केवळ इतरांना वेगळं वाटतं म्हणून बदलू नका.

प्रत्यक्षदर्शी साक्षीदाराच्या ओळखीवर सगळा खटला उभा असेल तर जास्त वेळ घ्या. साक्षीदार प्रामाणिक असतो, ठामपणे बोट दाखवतो, आणि तरीही चुकलेला असू शकतो. न्यू जर्सीच्या सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली हेंडरसन खटल्यात यावर सविस्तर निकाल दिला, आणि तेव्हापासून तिथल्या ज्युरीला काय तपासायचं ते नेमकं सांगितलं जातं: अंतर किती होतं, उजेड कसा होता, किती वेळ पाहिलं, समोर शस्त्र होतं का, साक्षीदार भेदरलेला होता का, साक्षीदार आणि आरोपी वेगवेगळ्या वंशांचे आहेत का, पोलिसांनी फोटो कसे दाखवले. तुमच्या राज्यात अशी सूचना मिळाली नाही तरी हे प्रश्न खोलीत विचारायला कुणाची हरकत नसते.

शंकेसारखी वाटणारी, पण शंका नसलेली एक गोष्ट आधीच बाजूला काढली पाहिजे. ती म्हणजे शिक्षेची धास्ती. ‘याला दोन लहान मुलं आहेत, दहा वर्षं आत जाईल’ हा विचार ज्याच्या मनात येत नाही असा माणूस विरळा. पण बहुतेक खटल्यांत शिक्षा ठरवणं जजचं काम असतं, ज्युरीला तिचा विचार करू नका असंच सांगितलेलं असतं, आणि शिक्षा किती होईल हे बहुधा कळवलंही जात नाही. मृत्युदंडाचे खटले याला अपवाद आहेत. तिथे शिक्षेचा वेगळा टप्पा असतो, आणि त्यात शिक्षा सौम्य करणारी एखादी गोष्ट तुम्हाला एकट्याला पटली असेल तरी ती तुम्ही विचारात घेऊ शकता, बाकीच्यांना पटायलाच हवी असं नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे १९९० साली नॉर्थ कॅरोलिनाच्या एका खटल्यात स्पष्ट केलं. मात्र शिक्षेच्या शिफारशीला एकमत लागतंच असं नाही. अलाबामात दहा मतं पुरतात, आणि फ्लोरिडात २०२३पासून आठच.

आरोपी साक्षीला उभा राहिला नाही, यावरूनही आपली माणसं अस्वस्थ होतात. ‘काही केलं नसतं तर बोलला नसता का?’ हा प्रश्न प्रामाणिक आहे, पण तो मनातच थांबवा. न बोलणं हा त्याचा घटनेने दिलेला हक्क आहे आणि त्यावरून कसलाही निष्कर्ष काढता येत नाही. दुसऱ्या कुणी खोलीत तो मुद्दा काढला, तर लेखी सूचनेतलं ते वाक्य शोधून मोठ्याने वाचा. वाद घालण्यापेक्षा सूचना वाचून दाखवणं कितीतरी जास्त परिणामकारक असतं. हे सगळ्याच मुद्द्यांना लागू आहे.

खोलीतला पहिला तास फार महत्त्वाचा. फोरपर्सन, म्हणजे ज्युरीचा प्रमुख, निवडला की कुणीतरी म्हणतं, ‘चला, एकदा हात वर करून बघू कोण कुठे आहे ते.’ याला नम्रपणे विरोध करा. एकदा सगळ्यांसमोर हात वर केला की माणूस त्या मताला बांधला जातो, आणि ज्याची खात्री झालेली नाही तो अकरा हात पाहून दबतो. आधी सूचना वाचू, मग एकेक आरोप घेऊ, मग मत, एवढं म्हणा. मतदान घ्यायचंच असेल तर चिठ्ठ्यांवर घ्या, आणि ‘दोषी’, ‘निर्दोष’ यांच्या जोडीला ‘अजून ठरलं नाही’ असा तिसरा पर्याय ठेवा. पहिल्या फेरीत या तिसऱ्या पर्यायाच्या चिठ्ठ्या निघाल्या, की एकट्या पडलेल्या माणसाला कळतं की तो एकटा नव्हता.

बाराही जण खोलीत असतील तेव्हाच बोलायचं. एखादा बाथरूमला गेला की चर्चा थांबवायची, जेवणाच्या रांगेत दोघादोघांत कुजबुज करायची नाही. पटवापटवी बहुतेक तिथेच होते. कुणाला आजारपणामुळे सोडावं लागलं आणि त्याच्या जागी राखीव ज्युरर आला, तर फेडरल नियमाने चर्चा पहिल्यापासून सुरू करावी लागते. नवा माणूस आधीच ठरलेल्या निकालावर सही करायला आलेला नसतो.

रात्री घरी गेल्यावर काय होतं तेही लिहायला हवं, कारण शंकेचा त्रास तिथे वाढतो. झोप येत नाही, फोन हातात येतो, आणि त्या चौकाचा नकाशा बघावासा वाटतो, त्या औषधाचं नाव शोधावंसं वाटतं. शोधू नका. तिथे जाऊन पाहू नका. नवऱ्याशी किंवा बायकोशी बोलू नका, व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर ‘ज्युरीवर आहे, फार अवघड केस आहे’ एवढंही टाकू नका. तुम्ही बाहेरून आणलेली माहिती दोन्ही पक्षांनी तपासलेली नसते, तिची उलटतपासणी झालेली नसते, आणि ती उघडकीला आली तर सगळा खटला नव्याने चालवावा लागू शकतो. मनात जे घोळतंय त्यातून उद्या सकाळी खोलीत विचारायचा एक प्रश्न तेवढा तयार करा. तोही डोक्यातच ठेवा, कारण बहुतेक कोर्टांत वही तिथेच ठेवून जावी लागते.

प्रश्न जजला विचारायचा असेल तर चिठ्ठी हा एकच मार्ग आहे. तारीख, वेळ, सही, आणि बाहेर बसलेल्या बेलिफकडे, म्हणजे कोर्टाच्या कर्मचाऱ्याकडे, द्यायची. जज ती दोन्ही बाजूंच्या वकिलांना वाचून दाखवतात, त्यांचं म्हणणं ऐकतात, मग उत्तर येतं. त्यात अर्धा तास जातो, कधी दोन तास. ‘तिसऱ्या साक्षीदाराची साक्ष पुन्हा हवी’ असं मोघम लिहिलंत तर ‘आठवणीवर विसंबा’ असं उत्तर येण्याची शक्यता जास्त. ‘तिसऱ्या साक्षीदाराच्या उलटतपासणीत रस्त्यावरच्या दिव्यांबद्दल जे प्रश्नोत्तर झालं, तेवढा भाग पुन्हा ऐकायचा आहे’ असं लिहा. कोणत्या सूचनेचा अर्थ कळला नाही, तर तिचा क्रमांक द्या. मतांची फोड कधीही लिहू नका. अकरा विरुद्ध एक, दहा विरुद्ध दोन, काहीही नाही. फेडरल कोर्टात जजला ती विचारण्याचीही परवानगी नाही; सर्वोच्च न्यायालयाने १९२६ सालीच तसं ठरवलं आहे. चिठ्ठी बहुधा फोरपर्सनच्या सहीने जाते, पण अनेक कोर्टांत कुठलाही ज्युरर स्वतःच्या सहीने पाठवू शकतो. कुणी गुगल करून आला, कुणी आरोपीच्या जातीधर्माबद्दल किंवा वर्णाबद्दल काही बोलला, कुणी तुम्हाला धमकावलं, तर तशी चिठ्ठी त्याच दिवशी द्या.

आपल्या लोकांसाठी एक वेगळी अडचण सांगतो. साक्षीदार हिंदी, गुजराती किंवा मराठीत बोलतोय, कोर्टाचा दुभाषा इंग्रजीत सांगतोय, आणि तुम्हाला मूळ बोलणं कळतंय. नियम असा, की पुरावा म्हणजे दुभाष्याने सांगितलेलं इंग्रजी. तुम्ही खोलीत जाऊन ‘तो खरं तर असं म्हणाला’ असं सांगू लागलात, तर तुम्ही न तपासलेले साक्षीदार झालात. पण भाषांतर चुकलं असं वाटलं तर गप्पही बसायचं नाही. कॅलिफोर्नियाची सूचना स्पष्ट आहे: साक्ष चालू असतानाच लगेच चिठ्ठीने जजला कळवा. १९०८च्या खटल्यात केसरीतले लेख ज्युरीपुढे इंग्रजी भाषांतरात ठेवले गेले आणि ते भाषांतर चुकीचं असल्याचं टिळकांना ज्युरीपुढे पुन्हा पुन्हा सांगावं लागलं. चूक दाखवण्याची योग्य जागा भर कोर्टात, दोन्ही वकिलांसमोर. नंतर, बंद दाराआड ती दुरुस्त करता येत नाही.

दबाव येतो तो क्वचितच आरडाओरड्याने. बहुतेक वेळा तो गोड असतो. ‘तुमची अडचण समजते हो, पण शुक्रवार आहे.’ ‘मोठा आरोप सोडून देऊ, लहानावर एकमत करू.’ हा दुसरा प्रस्ताव आपल्या सामोपचारी स्वभावाला फार पटतो, आणि म्हणूनच तो जास्त धोकादायक. लहान आरोपालाही तीच कसोटी लागते. तो सिद्ध झाला असेल तर ‘दोषी’ म्हणा; तडजोड म्हणून म्हणू नका. आरोप अनेक असतील तर ज्यांच्यावर एकमत झालं तेवढ्यांचा निकाल देता येतो, बाकीचे अनिर्णित ठेवता येतात. हे अनेकांना माहीत नसतं, आणि सगळे आरोप एका दावणीला बांधून सौदा केला जातो.

विरोध करायचा तर बोलत राहा. हे आवर्जून सांगतो आहोत. पुराव्याबद्दल शंका आहे म्हणून ज्युररला काढून टाकता येत नाही. न्यूयॉर्क, कनेक्टिकट आणि व्हरमाँट ज्या फेडरल अपील न्यायालयाखाली येतात त्याने १९९७ साली सांगितलं, की ज्युररचा विरोध पुराव्याच्या अपुरेपणातून आलेला असण्याची शक्यता जरी दिसली, तरी त्याला काढू नये. पण जो चर्चाच नाकारतो, हाताची घडी घालून खिडकीबाहेर बघत बसतो, त्याला काढता येतं. म्हणून दर वेळी तोच मुद्दा शांतपणे पुन्हा मांडा: या घटकाबद्दल मला पुरावा दिसत नाही, तुम्हाला कुठे दिसतो ते दाखवा. दाखवलं तर खरोखर बघा.

काही तास गेल्यावर ‘एकमत होत नाही’ अशी चिठ्ठी गेली, तर फेडरल कोर्टात आणि अनेक राज्यांत जज एक जास्तीची सूचना वाचतात. तिचं मूळ १८९६ सालच्या ॲलन खटल्यात आहे. वेगळं मत असणाऱ्यांनी आपलं मत वाजवी आहे का हे पुन्हा तपासून पाहावं, असं तिच्या मूळ रूपात म्हटलं होतं. कॅलिफोर्नियाने १९७७ साली ती बंद केली. ती ऐकताना एकट्या ज्युररला वाटतं की जज आपल्यालाच उद्देशून बोलताहेत, हार मानायला सांगताहेत. तसं नसतं. आजच्या सूचनेतही प्रामाणिक मत सोडू नका असं वाक्य असतंच. ते नीट ऐका. निकाल दिलाच पाहिजे असं जज म्हणू शकत नाहीत. १९६५ साली एका जजने तसं म्हटलं आणि सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल रद्द केला.

तरीही एकमत झालं नाही तर? खटला अनिर्णित ठरतो. आरोपी सुटला असा त्याचा अर्थ नाही. सरकारी पक्ष पुन्हा खटला चालवू शकतो, आरोप कमी करू शकतो, तडजोडीचा प्रस्ताव देऊ शकतो किंवा सोडून देऊ शकतो; पुन्हा खटला चालवायला आडकाठी नाही हे १८२४ सालीच ठरलं आहे. ‘माझ्यामुळे गुन्हेगार मोकळा सुटेल’ या विचाराने रात्र रात्र जागणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

कायदाच पटत नसेल तर काय, हा प्रश्न वेगळा आणि जास्त कठीण. १६७० साली लंडनमध्ये विल्यम पेन आणि विल्यम मीड यांना दोषी ठरवायला ज्युरीने नकार दिला. त्यांना अन्नपाण्यावाचून कोंडलं, दंड केला. दंड न भरलेल्या एडवर्ड बुशेलच्या अर्जावर मुख्य न्यायमूर्ती व्हॉन यांनी निकाल दिला की दिलेल्या मताबद्दल ज्युररला शिक्षा करता येणार नाही. तो निकाल आजही टिकून आहे, म्हणून दोष सिद्ध झाल्यावरही ‘निर्दोष’ म्हणण्याची ताकद ज्युरीच्या हातात राहते. पण कायदा पाळण्याची शपथही तुम्हीच घेतलेली असते. कॅलिफोर्नियात, कायदा चुकीचा आहे म्हणून तो लावणार नाही असं म्हणणाऱ्या ज्युररला जजने काढलं, आणि २००१ साली राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने ते योग्य ठरवलं. आमचं मत असं: एखादा कायदा तुमच्या सदसद्विवेकाला मान्यच होत नसेल, तर निवडीच्या वेळी स्पष्ट सांगा. तेव्हा लक्षात आलं नाही आणि मध्येच जाणवलं, तर चिठ्ठी लिहा. पुराव्याबद्दल शंका आहे असं भासवून आत वेगळंच कारण ठेवू नका. त्याने पुराव्याबद्दल खरी शंका घेणाऱ्या पुढच्या ज्युररवरचा विश्वास कमी होतो.

शेवटची संधी निकाल वाचल्यावर येते आणि ती काही सेकंदांची असते. फोरपर्सनने निकाल सांगितला की कुठलाही पक्ष प्रत्येक ज्युररला वेगवेगळं विचारण्याची मागणी करू शकतो. क्लार्क एकेकाला विचारतो: हा तुमचा निकाल आहे का? फेडरल कोर्टात पक्षाने मागणी केली तर हे विचारणं बंधनकारक आहे. खोलीत तुम्ही हो म्हणालात, पण मन मान्य करत नाही, तर तिथे ‘नाही’ म्हणता येतं. कुणी रागावणार नाही, शिक्षा होणार नाही. जज तुम्हाला परत चर्चेला पाठवतील किंवा खटला अनिर्णित ठरवतील.

ज्युरी मोकळी झाली की मात्र दार बंद होतं. ‘मी दबावाखाली होकार दिला’ असं दुसऱ्या दिवशी प्रतिज्ञापत्रावर लिहून दिलंत तरी कोर्ट ते वाचणार नाही. खोलीत काय बोलणं झालं याबद्दल ज्युररची साक्ष निकाल फिरवण्यासाठी घेतली जात नाही. १९८७ सालच्या टॅनर खटल्यात ज्युररांनी खटला चालू असताना दारू आणि अमली पदार्थ घेतल्याचे आरोप होते, तरी सर्वोच्च न्यायालयाने ज्युररांची साक्ष घ्यायला नकार दिला. बाहेरून आणलेली माहिती किंवा बाहेरचा दबाव यांना नियमातच अपवाद आहे. २०१७ साली सर्वोच्च न्यायालयाने कोलोरॅडोच्या खटल्यात आणखी एक जोडला: कुणी ज्युरर वांशिक द्वेषापोटी दोषी ठरवत असल्याचं उघड बोलला असेल तर. भिडेपोटी दिलेला होकार यांपैकी कशातच बसत नाही.

बाहेर आल्यावर वकील थांबलेले असतात, बोलायला बघतात. बोललंच पाहिजे असं नाही. ‘मला बोलायचं नाही’ एवढं पुरतं. बोलायचं असेल तर स्वतःच्या मताबद्दल बोला, दुसऱ्या ज्युररचं नाव घेऊ नका. खून, बालकांवरचे अत्याचार अशा खटल्यांनंतर आठवडेच्या आठवडे झोप उडते, फोटो डोळ्यांपुढून हलत नाहीत. काही कोर्टांत ज्युररांसाठी समुपदेशनाची सोय असते. निघण्यापूर्वी क्लार्कला विचारा आणि नंबर लिहून घ्या.

कळावे, लोभ असावा.

आपले,
अमेरिकन न्यायालयांचं कामकाज जवळून जाणणारे काही मराठी वकील आणि कोर्टातले दुभाषे